इंदूरची हार्डवेअर दुकाने: कशी उभी राहिली आणि कशावर टिकली

विचारले आहे ते थोडक्यात असे: देवासला काकांचे हार्डवेअरचे जुने दुकान आहे, काका थकले आहेत, दुकान पुढे चालवायचे की नाही ते ठरवायचे आहे. त्याआधी समजून घ्यायचे आहे की ही दुकाने मुळात उभी कशी राहिली, माल इंदूरच्या सियागंज या घाऊक बाजारातूनच का येतो, आणि एवढे ऑनलाइन, एवढे मॉल आले तरी ती बंद कशी पडली नाहीत. मी लग्न होऊन इंदूरला आले, काही वर्षांत सासऱ्यांच्या दुकानाच्या गल्ल्यावर बसले आणि अजून बसते. तेव्हा हे उत्तर दुकानदारिणीचे आहे असे समजून वाचा.

मुद्द्याचे आधी सांगते. किराणेवाल्याचा माल जितक्या लवकर फिरेल तितका त्याचा फायदा. हार्डवेअरमध्ये हा हिशेब उलटा बसतो. दुकानात हजारो प्रकारच्या वस्तू असतात आणि त्यांतल्या रोज खपणाऱ्या थोड्याच. बाकी सगळे पडून असते: अडीच इंची पितळी बिजागरी, जुन्या लोखंडी खिडकीची खिट्टी, पाऊण इंची जीआय युनियन, म्हणजे जस्त चढवलेल्या लोखंडी पाइपाचा सांधा. वर्षात दोन गिऱ्हाईके येतील, पण ती दोघे शहरभर फिरून आपल्याकडे येतात आणि मग रंग, पाइप, कुलूप सगळे आपल्याकडूनच नेतात. पडून असलेला माल सांभाळणे हे एक ओझे, आणि मिस्त्री-ठेकेदारांची उधारी हे दुसरे. ही दोन ओझी कुणी वाहायची, यावरच या धंद्याची सगळी उलथापालथ झालेली आहे. सियागंजही त्यातूनच झाले, आणि काकांच्या दुकानाचे उत्तरही तिथेच सापडेल.

दुकान असे नव्हते तेव्हा लोहार होता. माळव्याच्या गावांत खिळा, कोयंडा, नांगराचा फाळ, बैलगाडीच्या चाकाची धाव हे सगळे लोहाराच्या भट्टीतून यायचे, आणि दरवर्षी गावाबाहेर गाड्या सोडून बसणारे गाडिया लोहार डागडुजी करून द्यायचे. मोबदला बहुतेक धान्यात. इंदूर 1818च्या मंदसौरच्या तहानंतर होळकरांची राजधानी झाले आणि वाडे उठू लागले, तेव्हाही दारांचे लोखंड इथेच घडत होते. राजवाड्याचे खालचे मजले दगडी आणि वरचे लाकडी. अशा बांधकामात लोखंड लागते ते सांध्यापुरते, कडीपुरते, खिळ्यापुरते. तेवढ्यासाठी बाजारपेठ लागत नाही, दोन-चार लोहारसाळा पुरतात.

बाजारपेठ आणली ती रेल्वेने. दुसऱ्या तुकोजीराव होळकरांनी खंडवा ते इंदूर रेल्वेसाठी 1870 साली इंग्रज सरकारला एक कोटी रुपये कर्जाऊ दिले, साडेचार टक्के व्याजाने, 101 वर्षांच्या मुदतीने. त्याच दशकात नर्मदेवर पूल बांधून आणि पातालपाणी-कालाकुंडचा घाट चढून मीटरगेज, म्हणजे कमी रुंद रुळांची, गाडी इंदूरला आली. मुंबईच्या गोदीत उतरलेले विलायती लोखंड आणि तारेचे खिळे ब्रॉडगेजने खंडव्यापर्यंत यायचे, तिथे हमाल पेट्या उतरवून मीटरगेजच्या डब्यात भरायचे, आणि मग माल इंदूरला. उज्जैनकडून ब्रॉडगेज यायला 1960चे दशक उजाडले, म्हणजे जवळजवळ नव्वद वर्षे जड पेट्यांची वाटेत अशी अदलाबदल होत होती. जड मालाला दोनदा उचलण्याचा खर्च फार लागतो, तिसऱ्यांदा कुणाला उचलायचा नसतो. म्हणून लोखंडाची दुकाने स्टेशनाला जितकी चिकटून असतील तितकी बरी. सियागंज स्टेशनाला लागून आहे, यापलीकडे मला फार गूढ कारण दिसत नाही. किराणा, सुकामेवा, हार्डवेअर, रंग, दोर, ताडपत्री हा सगळा घाऊक माल त्या गल्ल्यांत एकवटला आणि देवास, धार, झाबुआ, खरगोन, शाजापूरची दुकाने तिथून माल उचलू लागली. तुमच्या काकांची पेढीही त्याच साखळीतली.

इतर गावांतही हेच चित्र आहे. ग्वाल्हेरला लष्कर भागात लोहिया बाजार, पुण्याला बोहरी आळी, मुंबईला नागदेवी स्ट्रीट नि लोहार चाळ. बोहरी आळीच्या नावातच या धंद्याचे अर्धे कुळ आहे. दाऊदी बोहरा मंडळींची हार्डवेअरवरची पकड पिढीजात. इंदूरलाही सियागंजात आणि बोहरा बाजारात जाऊन बघा. ही मंडळी मालाची पारख बोटांनी करतात. पूर्वीच्या घाऊक पेढीवर बोहरा शेठ बिजागरी हातात घेऊन एकदा उघडमीट करायचे आणि पत्रा किती गेजचा, म्हणजे किती जाड, ते सांगायचे. फाळणीनंतर सिंधी कुटुंबे इंदूरला आली, त्यांनी कमी नफा आणि जलद उलाढाल ही नवी चाल आणली. मारवाडी पेढ्यांकडे सळई, पत्रा, सिमेंट असा मोठ्या भांडवलाचा माल. या सगळ्यांत मराठी माणूस कुठे होता, तर दरबारात, शाळेत, कचेरीत.

आमच्या घराचेच उदाहरण घ्या. आजेसासरे होळकर सरकारच्या दप्तरात कारकून. 1948 साली संस्थान मध्य भारत राज्यात विलीन झाले, तेव्हा इंदूरला निदान उन्हाळ्याची राजधानी तरी होती. 1 नोव्हेंबर 1956ला मध्य प्रदेश झाले आणि राजधानी भोपाळला गेली. बदलीचे कागद आले. मराठी वस्तीत तेव्हा घरोघरी एकच चर्चा: भोपाळला जायचे की इथेच काही बघायचे? बरेच गेले. आमच्याकडे आजेसासरे गेले, पण सासरे, म्हणजे अण्णा, इथेच राहिले. एका बोहरा व्यापाऱ्याच्या दुकानात हिशेब लिहायला लागले आणि काही वर्षांनी त्यांच्याच उधारीवर स्वतःचे दुकान टाकले. भांडवल शून्य, ओळख मात्र पक्की. नातेवाईक म्हणाले, ब्राह्मणाचा मुलगा खिळे विकतो. अण्णा म्हणायचे, तुमच्या घराचे दार माझ्या खिळ्यावर उभे आहे.

पण दुकानांच्या आधी गिरण्यांचे सांगायला हवे, कारण इंदूरच्या हार्डवेअरला बळ दिले ते गिरण्यांनी. पहिली गिरणी खुद्द तुकोजीरावांनी काढली. विसाव्या शतकात मालवा मिल, हुकुमचंद मिल, राजकुमार, कल्याणमल, स्वदेशी, भंडारी अशी रांग लागली. त्यांच्या भोवती 'मिल-जिन स्टोअर्स' नावाची दुकाने निघाली. पट्टे, बेअरिंग, ग्रीस, नट-बोल्ट, व्हॉल्व्ह, पॅकिंगची दोरी. कापूस पिंजणाऱ्या जिनिंग कारखान्यांनाही हाच माल लागायचा, म्हणून ते नाव. जुन्या पाट्यांवर अजून वाचायला मिळते. या दुकानदारांना गिरणीच्या स्टोअरकीपरने शिस्त लावली: मापाने द्या, नमुन्याबरहुकूम द्या, परत घ्या. आणि दुसरा फायदा म्हणजे परदेशीपुरा, नंदानगर भागातली कामगार वस्ती. पगार झाला की माणूस घराला पत्रा टाकणार, दाराला कडी बसवणार, दिवाळीला चुना लावणार. किरकोळ हार्डवेअर तिथे वाढले. हुकुमचंद मिल 1991 साली बंद पडली आणि कामगारांचे पैसे हातात पडायला 2023चा डिसेंबर उजाडला. त्या मधल्या बत्तीस वर्षांत त्या भागातल्या छोट्या दुकानदारांच्या वह्यांतली किती पाने कोरी न होता फाटली, हे कुणी मोजले नाही. इंदूरजवळच्या पीथमपूरचे कारखाने 1980च्या दशकात उभे राहिले, पण ते आपली खरेदी थेट कंपनीकडून करतात. गल्लीतल्या दुकानाला त्यांचा उपयोग तिथल्या कामगारांच्या घरांपुरता.

एक आठवण इथे सांगायचा मोह आवरत नाही, जरी ती माझ्या जन्माच्या कितीतरी आधीची आहे. पॅट्रिक गेडिस नावाच्या स्कॉटिश नगररचनाकारांना पहिल्या महायुद्धाच्या काळात होळकरांनी बोलावले होते. त्यांचा इंदूरवरचा अहवाल 1918चा. प्लेगचे दिवस. गेडिसनी दिवाळीची मिरवणूक काढायचे ठरवले आणि जाहीर केले की मिरवणूक नेहमीच्या रस्त्याने जाणार नाही. जी आळी घरे सर्वांत चांगली साफ आणि दुरुस्त करील, त्या आळीतून जाईल. लोक झपाटल्यासारखे कामाला लागले. जुनी घरे पाडण्यापेक्षा दुरुस्त करा, गल्ली थोडी मोकळी करा, असे त्यांचे एकूण धोरण होते. आजही आमचा वर्षाचा निम्मा धंदा नवरात्र ते दिवाळी या दिवसांत होतो, रंग, ब्रश, पॉलिशपेपर आणि बिजागऱ्यांचा, तेव्हा त्या साहेबांची मला आठवण येते. त्याच इंदुरात लालबाग पॅलेसची फाटके बकिंगहॅम पॅलेसच्या धर्तीवर इंग्लंडमध्ये ओतून आणली होती, आणि 1930च्या दशकात माणिकबागेच्या महालासाठी सामान जर्मनीहून आले. राजांना दुकान लागत नाही. लागते ते आळीतल्या माणसाला.

आता नियंत्रणाचा काळ. तुमच्या पिढीला हे कथेसारखे वाटेल. सिमेंट 1982च्या फेब्रुवारीपर्यंत पूर्ण नियंत्रणात होते, नंतर अंशतः सुटले आणि 1989च्या मार्चमध्ये पूर्ण मोकळे झाले. लोखंडाचे भाव 1992च्या जानेवारीपर्यंत सरकार ठरवायचे. घर बांधायचे तर अर्ज, परमिट, आणि मग ठरलेल्या दुकानातून ठरलेल्या गोण्या. या काळात दुकानदाराचा रुबाब फार. माल असेल तो राजा. काळाबाजार झाला, त्यात आमच्या धंद्यातल्यांचे नाव खराब झाले आणि ते उगाच झाले असे मी म्हणणार नाही. पण दुसरी बाजूही आहे. टंचाईमुळे जुने टिकवण्याची सवय होती. कुलूप बिघडले तर लिव्हर बदलून घ्यायचे, नळाला वायसर घालायचा, कढईला मूठ बसवायची. तेव्हाच्या दुकानात नव्या वस्तूंपेक्षा सुट्या भागांचे खण जास्त असत. बाजार मोकळा झाला आणि हे खण एकेक करून रिकामे झाले.

दशमान पद्धत आली ती गंमत वेगळी. 1956 साली वजनमापांचा कायदा झाला, 1958पासून टप्प्याटप्प्याने किलो-मीटर आले. शेर गेला, मण गेला, खिळे मुकाट्याने किलोवर आले. पण सुताराने ऐकले नाही. आजही आमच्या काउंटरवर चार सुती ड्रिल मागतात, आठ सूत म्हणजे एक इंच हे शाळेत न गेलेल्या पोरालाही पाठ. स्क्रूची लांबी मिलिमीटरमध्ये आणि जाडी जुन्या नंबरात, म्हणजे पंचवीस-आठ, पस्तीस-आठ. पूर्वी स्क्रू ग्रोसवर मिळायचे, 144 नग, आणि हावड्याच्या गेस्ट कीन विल्यम्सचे 'नेटलफोल्ड' असले की सुतार डबा उघडूनही बघायचा नाही. सळईचे मात्र सगळे मिलिमीटर नि किलो. तिथे एक गणित तुम्ही आजच पाठ करा, कारण दुकानात बसलात तर पहिल्या आठवड्यात लागेल: सळईच्या व्यासाचा वर्ग भागिले 162, म्हणजे एका मीटरचे वजन किलोत. बारा मिलिमीटरची सळई मीटरला सुमारे 0.89 किलो, बारा मीटरची पूर्ण सळई दहा किलो सहाशे-सातशे ग्रॅम. त्याहून बरीच हलकी भरली तर कारखान्याने सळई बारीक ओढली आहे. वजनावर घेणाऱ्याला ती जास्त लांब वाटते, नगावर घेणारा फसतो, आणि स्लॅब दोघांचाही कमजोर. साधी गुळगुळीत सळई, मग 1960च्या दशकानंतर पीळ दिलेली टोर, आणि 1990च्या दशकापासून टीएमटी, म्हणजे गरम लाटून पाण्याने झटक्यात थंड केलेली, असा तिचा प्रवास.

माल येतो कुठून हेही समजून घ्या, कारण हार्डवेअरचे दुकान म्हणजे भारताचा छोटा नकाशाच असतो. कुलपे अलीगढची, पितळी सुटे भाग जामनगरचे, नट-बोल्ट लुधियानाचे, पाने-पक्कड जालंधरचे, आणि नागौरच्या लोहारांच्या पकडी नि छिन्न्या. यांतला बराच माल घरगुती कारखान्यांत होतो आणि त्यावर नाव नसते, किंवा दर वर्षी नवे असते. ब्रँडेड माल तुलनेने थोडा. गोदरेजची कुलपे 1897पासूनची, शालिमारचा रंग 1902पासूनचा, पण गल्लीतल्या दुकानात मोठा हिस्सा बिननावी मालाचा. आणि बिननावी मालाची हमी कोण देतो? दुकानदार. अलीगढची कडी महिन्याभरात तुटली तर गिऱ्हाईक अलीगढला जात नाही, माझ्याकडे येते. "वहिनी, ही बघा तुमची कडी." तुमची म्हणजे माझी. या एका शब्दात आमचे काम आले.

पडीक मालाचे ओझे हलके करणारी पहिली मोठी गोष्ट रंगात घडली. पूर्वी एका कंपनीच्या ऑइलपेंटच्या पन्नासेक छटा ठेवायच्या तर प्रत्येकीचे पन्नास मिलीपासून चार लिटरपर्यंतचे डबे. आकाशी संपला, मोतिया पडून राहिला, दिवाळीनंतर डब्यांवर साय धरली. एशियन पेंट्स ही 1942ची कंपनी; तिने छोटे डबे काढले, गावोगावचे लहान दुकानदार धरले, गट्टू या खोडकर पोराचे चित्र 1954 साली डब्यावर आणले. पण दुकान बदलले ते 1990च्या दशकाच्या अखेरीपासून आलेल्या रंग मिसळायच्या यंत्रांनी. तीन-चार प्रकारचे पांढरे बेस, डझनभर रंगद्रव्ये, आणि हजाराहून अधिक छटा समोरच तयार. पडीक माल एकदम कमी झाला. पण त्याबरोबर दुकान कंपनीचे झाले. यंत्राचे हप्ते, महिन्याचे टार्गेट, स्कीमच्या थायलंड सहली. रंगाच्या दुकानात आता मालक हिशेबाला असतो, निर्णय कंपनीचा माणूस घेतो.

फेव्हिकॉलचे तसेच. तो 1959 साली आला, त्याआधी सुतार सरस वापरायचे, जनावरांच्या हाडाकातड्यांचा, चुलीवर उकळायचा, वास असा की शेजारी भांडायला यावेत. फेव्हिकॉलचा पांढरा डिंक थंडच लावतात. आणि कंपनीने दुकानदाराला वळसा घालून सुताराशी थेट ओळख केली. तिथून पुढे ज्याच्या हातात काम, तोच माल ठरवणार हे पक्के झाले. रंगाच्या डब्यात पेंटरसाठी टोकन आले, ते आता क्यूआर कोड झाले. घरमालकाला वाटते त्याने रंग निवडला.

मग पाणी. नर्मदेचे पाणी इंदूरला 1978 साली आले, आणि ते आजही बऱ्याच भागांत एक दिवसाआड येते. म्हणजे घरोघरी खाली हौद, वर टाकी, मधे पंप, बॉलकॉक, नॉन-रिटर्न व्हॉल्व्ह. जिथे नर्मदा नाही तिथे बोअरिंग, त्याच्या जड पाण्याने नळांचे कार्ट्रिज, म्हणजे आतला उघडमीट करणारा भाग, क्षार धरून बसतात. जीआय पाइप गेले, पीव्हीसीचे म्हणजे प्लास्टिकचे आले, मग गरम पाणी सोसणारे सीपीव्हीसी. जीआयच्या काळात पाइपला चुड्या पाडायचे यंत्र दुकानाच्या पायरीवर असायचे आणि ताग नि सफेदा लावून जोड बसवणारा प्लंबर हा कसबी माणूस होता. आता सोल्यूशन, म्हणजे पाइप चिकटवायचा डिंक, लावून कुणीही जोडतो, आणि गळतीची तक्रार घेऊनही कुणीही येतो. एक खरे, महापालिकेने रोज चोवीस तास पाणी दिले तर इंदूरच्या हार्डवेअरवाल्यांचा एक मोठा खण रिकामा होईल. आम्ही काही तशी प्रार्थना करत नाही.

आता उधारी. बाहेरच्याला वाटते दुकानदार घरमालकाला माल विकतो. प्रत्यक्षात मिस्त्री येतो, चिठ्ठी देतो, माल नेतो, आणि नाव लिहिले जाते घरमालकाचे, ठेकेदाराचे किंवा मिस्त्रीचे स्वतःचे. पैसे स्लॅब पडल्यावर, पुताई झाल्यावर, नाहीतर "पार्टीने दिल्यावर". आम्ही सियागंजातून एक-दीड महिन्याच्या उधारीवर उचलतो आणि चार-चार महिन्यांच्या उधारीवर देतो. मधली दरी आपल्या भांडवलाने भरायची. मिस्त्रीचे कमिशनही असते, ते लपवून काही उपयोग नाही. काही दुकानदार ते बिलात चढवतात. अण्णांचा नियम होता की मिस्त्रीला सवलत द्यायची ती त्याच्या हत्यारांवर आणि त्याच्या घरच्या मालावर, गिऱ्हाइकाच्या बिलावर नाही. यामुळे काही मिस्त्री दुसरीकडे गेले. राहिले ते तीन पिढ्या राहिले.

काउंटरवरचे एक उदाहरण देते, म्हणजे ही दोन ओझी काय कामाला येतात ते कळेल. मागच्या पावसाळ्यात रामबागेतल्या एका जुन्या वाड्यातले एक गृहस्थ आले, रुमालात गुंडाळलेली खिट्टी घेऊन. घडीव लोखंड, एका बाजूचा कान झिजलेला. ते आधी मोठ्या चकचकीत दुकानात गेले होते, तिथल्या मुलाने मोबाइलवर फोटो काढून शोधले आणि म्हणाला, पूर्ण दरवाजाचे लॉक बदलून घ्या. आमच्याकडे भिंतभर खण आहेत, प्रत्येक खणाच्या तोंडावर आतल्या वस्तूचा एक नमुना तारेने बांधलेला. मी वरच्या तिसऱ्या रांगेतून खिट्टी काढली, लांबी जुळली, भोके जुळली नाहीत. मग शेजारच्या फॅब्रिकेटरकडून एक भोक दोन सूत सरकवून घेतले. तीस रुपयांचे काम. पुढच्या आठवड्यात त्यांच्या मुलाने वाड्याच्या डागडुजीची यादी पाठवली, दोन पानांची. ती खिट्टी दुकानात नक्की किती वर्षे पडून होती ते मला सांगता येणार नाही, तिच्यावरची किंमत जुन्या अक्षरात होती, अण्णांच्या.

मोठी दुकाने आली तरी आपण का टिकलो, याचे उत्तर अमेरिकेच्या अनुभवातून जास्त स्पष्ट होते. तिथेही गावोगाव छोटी हार्डवेअर दुकाने होती. 1924 साली शिकागोच्या काही दुकानदारांनी एकत्र घाऊक खरेदी करायला एस नावाची संस्था काढली आणि पुढे ती दुकानदारांच्याच मालकीची झाली. त्या आधाराने हजारो छोटी दुकाने तगली. 1978 साली अटलांटात होम डेपो निघाली, गोदामाएवढी दुकाने, सगळे एका छताखाली. ती चालली, कारण तिथे मजुरी इतकी महाग की माणूस स्वतःच फळी कापतो, स्वतःच रंग लावतो. हीच कंपनी 2006 साली चीनमध्ये उतरली आणि 2012पर्यंत तिने आपली सगळी मोठी दुकाने बंद केली. तिथे आपल्यासारखेच, काम कारागीर करतो. जिथे माल मिस्त्री निवडतो तिथे गोदामाला काय अर्थ? मिस्त्रीला दुकान कामाच्या जागेपासून दहा मिनिटांवर हवे, सुटे मिळायला हवे, उरलेले परत घ्यायला हवे, आणि नाव लिहून घ्यायला हवे. आपल्याला खरे तर एसचा धडा घ्यायला हवा होता, एकत्र खरेदीचा. इंदूरच्या किरकोळ दुकानदारांत तो विचार चहापुरता होतो.

ऑनलाइनचा धोका खोटा नाही, पण तो सरसकट नाही. ब्रँडेड ड्रिल मशीन, नळ, कुलूप, एलईडी यांत आम्ही हरलोच. गिऱ्हाईक काउंटरवर उभे राहून मोबाइलवर भाव दाखवते. आता दहा मिनिटांत सामान आणून देणारेही स्क्रूड्रायव्हर नि टेप आणून देतात. पण सिमेंटची गोणी, सहा मीटरचा पाइप, अर्धा किलो खिळे, दोन बिजागऱ्या यात त्यांना परवडत नाही.

करांचे थोडक्यात. पूर्वी विक्रीकर, 2006पासून व्हॅट, आणि 1 जुलै 2017पासून जीएसटी. सिमेंटवर तेव्हापासून 28 टक्के होता, तो 22 सप्टेंबर 2025ला 18 झाला. बहुतेक हार्डवेअर 18 टक्क्यांतच. दीड कोटींपर्यंत उलाढाल असेल तर कंपोझिशनमध्ये, म्हणजे छोट्या दुकानदारांच्या सोप्या योजनेत, एक टक्का भरून सुटता येते, कागद कमी. पण मग ठेकेदाराला तुमच्या बिलावर क्रेडिट, म्हणजे कराची वजावट, मिळत नाही आणि तो नियमित जीएसटी भरणाऱ्या दुकानाकडे वळतो. घरगुती गिऱ्हाईक जास्त असेल तर कंपोझिशन, ठेकेदार जास्त असतील तर नियमित. काकांनी यातले काय घेतले आहे, ते बघा. पुष्कळ जुने दुकानदार सीएने पहिल्या वर्षी जे भरले तेच पुढे चालू ठेवतात.

आता तुमच्या निर्णयाबद्दल. दुकान चालवू का, असे विचारण्याआधी चार दिवस काकांच्या शेजारी नुसते बसा. पहिली वही उधारीची. तीन वर्षांपेक्षा जुनी बाकी, जिच्यावर मधे काही रक्कम आलेली नाही किंवा लेखी कबुली नाही, ती मुदतीच्या कायद्याने कोर्टात मागता येत नाही. ती शून्य धरा. उरलेल्यात किती नावे मिस्त्रींची आहेत आणि ते मिस्त्री अजून काम करतात का, की त्यांची मुले पीथमपूरला लागली, ते विचारा. माझ्या मते दुकानाची खरी किंमत त्या चालू मिस्त्रींच्या नावांत आहे. ती दहा-पंधरा असली तरी दुकान धरा. एकही नसेल तर काकांना माल सियागंजात परत लावू द्या, घाऊकवाले ओळखीवर निम्म्या भावात घेतात, कधी जास्तही.

मालाची यादी करताना पडीक मालाला घाबरू नका, पण दोन ढीग करा. ज्याचे घर अजून देवासात उभे आहे त्या मालाला हात लावू नका: जुन्या खिडक्यांच्या खिट्ट्या, जीआय फिटिंग, पितळी बिजागरी. ज्याचे घर उरले नाही तो भंगारात द्या: घट्ट झालेला रंग, मुदत संपलेले सोल्यूशन, बंद पडलेल्या कंपनीच्या नळांचे कार्ट्रिज. रंगाचे यंत्र लगेच घेऊ नका, कंपनीचा माणूस पहिल्याच महिन्यात येईल आणि गोड बोलेल. आधी प्लंबिंग नीट भरा, तिथे रोजचा पैसा आहे. आणि एक पोरगा ठेवा जो कामाच्या जागी माल पोचवील, व्हॉट्सअ‍ॅपवर फोटो आला की ओळखील.

शेवटी जागा. जुन्या दुकानांचे भाडे 1961च्या भाडे नियंत्रण कायद्याखालचे, नाममात्र असते आणि सगळा नफा त्या स्वस्त भाड्यातच दडलेला असतो. बाजारभावाचे भाडे लावून हिशेब करा, तेव्हाही चार पैसे उरत असतील तर तो धंदा. भाड्याची पावती कुणाच्या नावावर फाटते, काकांच्या की आजोबांच्या, आणि मालकाचा मुलगा काय म्हणतो, हे वकिलाला दाखवून घ्या, आणि ते मालाची यादी करायला बसण्याच्या आधी.